काठी नंतर पडली

मित्रांनो, स्वतःची गोष्ट सांगणाऱ्याने थोडी बढाई मारली तर ती खपवून घेतात म्हणे. मलाही मारता आली असती. मी बसमधला जुना आरसा आहे. सव्वीस वर्षे मी ड्रायव्हरच्या डोक्यावर टांगून होतो आणि तेवढ्या काळात अख्खी बस माझ्या पोटात मावली. पण माझ्या आयुष्यात एक दुपार अशी आली की तेव्हापासून बढाईचा शब्द काढायचीही मला लाज वाटते. ती दुपार सांगायची म्हणूनच मी हे सारे सांगतो आहे.

माझा जन्म एका काचेच्या कारखान्यात झाला. एका मोठ्या काचेतून आम्हा वीस भावंडांना कापले, पाठीला चकचकीत लेप दिला आणि वाटेला लावले. कुणी शिंप्याच्या दुकानात गेले, कुणी नव्या जोडप्याच्या कपाटात जाऊन बसले. मला मात्र वेगळे काढून भट्टीत घातले आणि मधोमध किंचित फुगवले. आपल्यात काही व्यंग राहिले असे वाटून मी रुसलो होतो. मग कारागीर म्हणाला, "फुगीर आरशात कुठूनही बघा, मागचं सगळं दिसतं." झाले! रुसवा गेला आणि मी असा शेफारलो की विचारू नका. माझ्यापासून काही लपत नाही, हे मी स्वतःलाच दिवसातून दहा वेळा सांगत असे.

माझ्या बसचे ड्रायव्हर म्हणजे सावकाशकाका. खरे नाव डेपोच्या हजेरीत असेल, पण त्या वाटेवर सगळे त्यांना याच नावाने ओळखत. काठोकाठ भरलेला चहाचा कप हातात धरून बसावे आणि थेंब सांडू नये, अशी त्यांची गाडी चाले. कामावर जाणारी माणसे वैतागत. "काका, चालत निघालो असतो तर एव्हाना पोचलो असतो!" असे कुणी ओरडले की काका मागे न बघता म्हणत, "मग चाला की! तब्येतीला बरं असतं."

मागच्या दाराशी कंडक्टरताई असायच्या. त्यांची जीभ तिखट आणि हात चपळ. "पुढे सरका, इथे काय घर बांधायचंय?" म्हणताना त्या एका हाताने तिकीट फाडत आणि दुसऱ्या हाताने एखाद्या आजींची पिशवी वर चढवत. दोर ओढून त्या घंटा वाजवत. एक घंटा म्हणजे थांबा, दोन म्हणजे निघा. मागचे दार जुने होते आणि उघडताना कुरकुरत असे. पण ते बोटभर वर उचलून सरकवले की मुळीच वाजत नसे. ही युक्ती फक्त ताईंना ठाऊक होती.

आता काकांची एक सवय सांगतो, कारण पुढचे सगळे तिच्यातूनच घडले. दोन घंटा वाजल्या तरी काका ब्रेकवरचा पाय उचलत नसत. आधी मान वर, माझ्याकडे एक नजर, आणि मगच पाय उचलायचा. नोकरीच्या पहिल्या वर्षी एका बाईंच्या ओढणीचे टोक दारात अडकले होते आणि काकांनी न बघता गाडी सोडली होती. बाई चार पावले फरफटल्या. गुडघे फुटले, एवढ्यावर निभावले. पण काका त्या दिवशी जेवले नाहीत. तेव्हापासून माझ्याकडे बघितल्याशिवाय त्यांनी चाक हलवले नाही. मला याचा केवढा अभिमान होता! सवय त्यांची होती आणि मिरवत होतो मी.

त्या दुपारच्या आठवडाभर आधी माझ्या मानेचा स्क्रू सैल झाला होता. खड्डा आला की मी खाली वाकायचो आणि मला नुसत्या चपला दिसायच्या. काका जुन्या तिकिटाची घडी माझ्या मानेत कोंबून वेळ मारून नेत. मी मात्र हट्टाने पुन्हा पुन्हा वाकत राहिलो. शेवटी डेपोतल्या मेकॅनिकने नवा स्क्रू बसवून मला पक्के केले. मान ताठ झाल्यावर मला आभाळ ठेंगणे झाले. आज वाटते, तो स्क्रू आणखी आठ दिवस मिळाला नसता तर बरे झाले असते.

त्या दिवशी दुपारी गाडी जवळजवळ रिकामी होती. अकराच प्रवासी होते. कोर्टाच्या थांब्यावर पुढच्या दाराने एक माणूस धावत आत शिरला. अंगात चौकड्यांचा शर्ट, एका मनगटात तुटकी बेडी आणि हातात पिस्तूल. कोर्टात आणताना पोलिसाच्या कमरेचे पिस्तूल हिसकावून तो पळाला होता. त्याने पिस्तूल काकांच्या कानाला लावले. "दार लाव! गाडी पळव!"

काकांनी दार लावले. गाडी पळवली असे मात्र म्हणवत नाही, कारण पळवणे त्यांना जमतच नव्हते.

"सगळे मागे जा!" तो ओरडला. "माझ्या जवळ कुणी यायचं नाही. फोन इकडे फेका. माना खाली!"

अकराही जण मागच्या सीटांवर जाऊन बसले आणि त्यांनी पुढच्या सीटच्या पाठीला कपाळे टेकवली. एका आईने तान्हे बाळ छातीशी इतके घट्ट धरले होते की ते रडायचे विसरले. शेवटच्या सीटवर एक आजोबा होते. दर सोमवारी ते याच गाडीने डोळ्यांच्या दवाखान्यात जात. त्यांची वेताची काठी त्यांच्या दोन गुडघ्यांमध्ये उभी होती. ताई दाराशेजारच्या खांबाला धरून उभ्या होत्या. त्याने त्यांनाही बसायला सांगितले, तेव्हा त्या तिथेच खाली पायरीजवळ बसल्या.

गाडी नदीवरच्या पुलाशी आली. पुलाच्या तोंडावर पोलिसांच्या दोन गाड्या आडव्या लावलेल्या होत्या. काकांनी ब्रेक दाबला. मग तो माणूस समोरच्या काचेकडे वळला आणि खिडकीतून पोलिसांवर ओरडू लागला. रस्ता मोकळा करा, नाहीतर एकेकाला मारतो. समोर कोण कुठे सरकतो आहे, याच्यावर त्याचे सगळे ध्यान लागले होते. मागे बघायला त्याला उसंत नव्हती.

ही संधी ताईंनी हेरली. त्यांनी मागचे दार बोटभर वर उचलले आणि सरकवले. आवाज झाला नाही. त्यांनी आधी आजोबांना खूण केली, कारण ते दाराच्या सर्वांत जवळ होते. आजोबांनी मान हलवून नकार दिला आणि बाळाच्या आईकडे बोट दाखवले. मी हे माझ्या डोळ्यांनी पाहिले आहे, मित्रांनो. जीव वाचवायची पहिली पाळी त्यांची होती आणि त्यांनी ती दुसऱ्याला दिली.

बाळाची आई उतरली. मग शाळेच्या शिक्षिका, मग कुरिअरवाला, मग एकेक करत बाकीचे. उतरलेला माणूस गाडीच्या आडोशाने मागच्या वळणाकडे पळत होता. सीटा रिकाम्या होत होत्या आणि त्या सगळ्या माझ्यात दिसत होत्या. त्या माणसाने नुसती मान वर केली असती तरी खेळ संपला असता. उतरणाऱ्या प्रत्येकामागे गाडी किंचित हलायची, त्यावरून काकांना हे कळत होते. त्यांनी नजर समोरच्या रस्त्यावर अशी रोवली होती की त्यांच्या डोळ्यांतून पाणी येऊ लागले. दहा माणसे उतरेपर्यंत त्यांनी एकदाही माझ्याकडे बघितले नाही. मी देवाचा धावा करत होतो की मला एखादा तडा जावा, धुरळा बसावा, काहीही व्हावे. पण सकाळीच काकांनी मला ओल्या फडक्याने लखलखीत पुसले होते.

आता फक्त आजोबा उरले होते. ताईंनी त्यांच्या काखेत हात घालून त्यांना उठवले. त्यांचा एक पाय खालच्या पायरीवर होता आणि दुसरा अजून हवेत होता.

तेवढ्यात समोरची पोलिसांची एक गाडी बाजूला झाली. तो माणूस किंचाळला, "रस्ता उघडला! घे गाडी! घे पुढे!"

काकांनी गिअर टाकला. ब्रेकवरचा पाय उचलायचा तेवढा बाकी होता. आणि मान वर झाली.

काय सांगू! सव्वीस वर्षांची सवय डोक्याला विचारून येत नाही. काकांनी माझ्याकडे पाहिले. काका कुठे बघत आहेत म्हणून त्या माणसाने पाहिले. मी फुगीर आरसा, कुठूनही बघा, मागचे सगळे दिसते. त्याला रिकाम्या सीटा दिसल्या, उघडे दार दिसले, ताई दिसल्या. एवढे सारे मी त्याला कोरून दाखवले. त्या क्षणी मी फुटलो असतो तर माझे नाव झाले असते.

तो मागे वळून धावला. ताईंनी आजोबांना दारातून बाहेर ढकलले आणि स्वतः दारात आडव्या उभ्या राहिल्या. गोळी सुटली. ताईंच्या उजव्या खांद्यातून रक्त आले आणि त्या डाव्या हाताने खांब धरून खाली बसल्या. त्यानंतर आजोबांच्या हातातून सुटलेली काठी पायरीवर आपटत खाली गेली. हा क्रम नीट लक्षात ठेवा. आधी नजर, मग गोळी, मग काठी.

काकांनी गाडीला एक जोरदार धक्का दिला आणि तसाच करकचून ब्रेक मारला. तो माणूस तोंडावर पडला. पिस्तूल सीटांखाली घरंगळत गेले. मागच्या दाराने पोलीस आत घुसले आणि दोन मिनिटांत सगळे संपले. ताई वाचल्या. आजोबांना खरचटण्यापलीकडे काही झाले नाही.

दुसऱ्या दिवशी डेपोच्या आवारात गाडीची तपासणी झाली. एक अधिकारी वही घेऊन बसले होते. आजोबांना कुणीतरी आणले होते. "साहेब, माझी काठी पडली," ते म्हणाले. "त्या आवाजाने तो वळला. पोरीला गोळी लागली ती माझ्यामुळे."

भेदरलेल्या माणसाच्या डोक्यात आधीचे नंतर आणि नंतरचे आधी होते. अधिकाऱ्यांनी काकांना विचारले, "काठीचा आवाज आला होता?"

काका स्टिअरिंगवर हात ठेवून बसले होते. त्यांनी तोंड उघडले. मला वाटले, आता सांगतील. पण ते म्हणाले, "हो. आला होता."

यात एक अक्षर खोटे नव्हते आणि तरीही ते खोटे होते. मी तिथेच, त्यांच्या डोक्यावर होतो. त्या दिवशी त्यांनी मला पुसले नाही.

पुढे काकांचा सत्कार झाला. वर्तमानपत्रात फोटो आला. प्रसंगावधान राखून दहा प्रवाशांना वेळ मिळवून देणारा, गुन्हेगाराला जमिनीवर पाडणारा धाडसी चालक. प्रत्येक वेळी काका मान खाली घालून उभे राहत आणि लोक म्हणत, "किती नम्र माणूस!" चोराच्या मनात चांदणे म्हणतात ना, तसे त्यांचे झाले होते. कुणी टाळ्या वाजवल्या की ते दचकत.

ती बस मोडीत निघाली. मला मात्र उतरवून डेपोतल्या विश्रांतीच्या खोलीत बेसिनवर लावले. तिथे ड्रायव्हर-कंडक्टर तोंड धुतात, केस विंचरतात, दातात अडकलेले काढतात. माझी एक कड उडाली आहे आणि कोपऱ्यात साबणाचे डाग वाळले आहेत. तक्रार नाही. मला याहून वाईट काही भोगायला लागते. समोरच्या भिंतीवर काकांचे चौकटीतले प्रशस्तिपत्र टांगले आहे आणि त्यातली उलटी अक्षरे दिवसभर माझ्यात दिसतात.

ताईंचा उजवा हात खांद्याच्या वर जाईना. घंटेचा दोर ओढणे संपले. त्यांना पासच्या खिडकीवर बसवले. दर सोमवारी दवाखान्यातून परतताना आजोबा डेपोत येत आणि विश्रांतीच्या खोलीतल्या बाकावर ताईंच्या जेवणाच्या सुट्टीची वाट बघत बसत. एकदा त्यांनी हाताच्या व्यायामासाठी रबरी चेंडू आणला. एकदा मलम आणले. "हात कसा आहे, पोरी?" एवढेच विचारायचे. "बरा आहे हो आजोबा, तुम्ही कशाला एवढी पायपीट करता?" असे ताई म्हणायच्या. ते काठीशिवाय येत. भिंती चाचपत, खुर्च्यांचा आधार घेत. ती काठी त्यांनी टाकून दिली होती.

डेपोतली माणसे वाईट नव्हती, पण थट्टेला काळवेळ नसतो. तिथे एक बोलणे रूढ झाले होते. कुणाच्या हातून काही चुकले की म्हणायचे, "पडली आजोबांची काठी!" गाडीला उशीर झाला, तिकिटांचा गठ्ठा विसरला, की झालीच सुरू, पडली आजोबांची काठी. काका ते ऐकत आणि चहाचा कप अर्धाच ठेवून बाहेर जात. सात महिने असेच चालले.

मग तो सोमवार आला. आजोबा बाकावर बसले होते आणि त्यांच्या कपाळाला पट्टी होती. ताई डबा उघडत होत्या. काका बेसिनपाशी हाताला साबण लावत होते. कोपऱ्यात पंखा दुरुस्त करणाऱ्या मेकॅनिकच्या हातून पाना खणकन पडला आणि तो सवयीने ओरडला, "पडली आजोबांची काठी!"

लगेच त्याने जीभ चावली. पण आजोबा स्वतःच हसले. लोक हसतात म्हणून आपणही हसावे, तसे. "हो बाबा," ते म्हणाले, "माझीच."

"कपाळाला काय झालं?" ताईंनी विचारले.

"काल जिन्यात पडलो. सूनबाईने नवी काठी आणून ठेवली आहे. पण हात नाही लावत मी. पुन्हा कुणाचा घात नको."

काकांच्या हातावरचा साबण तसाच होता. नळ वाहत होता. त्यांनी तो बंद केला आणि ते मागे वळले.

"आजोबा, काठी नंतर पडली," काका म्हणाले. "गोळी सुटल्यावर पडली. त्याने तुमच्या आवाजाने नाही बघितलं. मी आरशात बघितलं, म्हणून त्याने बघितलं. चूक माझी आहे. मी साहेबांना सांगितलं नाही. कुणालाच सांगितलं नाही."

पाना उचलायला वाकलेला मेकॅनिक तसाच वाकून राहिला. ताईंनी डब्याचे झाकण खाली ठेवले. त्यांचा डावा हात उजव्या खांद्याकडे गेला.

"तुम्ही का बघितलंत?" आजोबांनी विचारले.

"तुमचा एक पाय पायरीवर होता, एक हवेत. गाडी तशीच सोडली असती तर तुम्ही चाकाखाली गेला असता. विचार करून नाही बघितलं. सवयीने बघितलं गेलं."

आजोबा म्हणाले, "म्हणजे माझा जीव वाचवायला बघितलंत."

काका हातावरच्या साबणाकडे बघू लागले.

"अहो, मग हे त्याच दिवशी सांगायचं होतंत! मी तुमच्या पाया पडलो असतो. जन्मभर तुमचं नाव घेतलं असतं." आजोबांचा आवाज चिरकला. "सात महिने मी नातीला जवळ घेतलं नाही. माझा हात लागला की वाईट होतं, असं वाटायचं मला. तुम्ही रोज चहा पीत होतात ना इथे? मी समोर बसलेला असायचो ना?"

"माझ्या हाताचं मला काही नाही, काका," ताई हळू आवाजात म्हणाल्या. "गोळी त्याने घातली. पण आजोबांना तुम्ही असं..."

आजोबा उठले. काका पुढे झाले आणि त्यांनी साबणाचा हात घाईघाईने शर्टाला पुसून आधारासाठी पुढे केला. आजोबांनी त्या हाताकडे पाहिले. मग भिंतीला धरून, एकेक पाऊल टाकत, ते स्वतःचे स्वतः दाराबाहेर गेले.

त्याच संध्याकाळी काकांनी साहेबांकडे जाऊन सगळे लिहून दिले. प्रशस्तिपत्र खाली उतरले. डेपोतली ती थट्टाही बंद झाली. पण त्यानंतर आजोबा आले नाहीत. आता सोमवारी दुपारी त्या बाकावर काका येऊन बसतात. दाराशी पाऊल वाजले की बघतात, कुणीतरी दुसराच असतो. मग ताई म्हणतात, "जेवून घ्या काका," आणि ते हो म्हणतात, पण जेवत नाहीत.

मित्रांनो, मला स्वच्छ ठेवा, तडा जाऊ देऊ नका, असे मी तुम्हाला सांगणार नाही. गाडी सोडण्याआधी मागे बघा, एवढे मात्र जरूर करा. काका बघत होते त्यात पाप नव्हते. पाप पुढच्या सात महिन्यांत होते आणि त्यात मीही वाटेकरी आहे. आधी नजर, मग गोळी, मग काठी हे मी पहिल्या दिवसापासून जाणत होतो. समोर एक म्हातारा माणूस नसलेल्या चुकीने झुरत होता आणि मी त्याला त्याचेच सुकलेले तोंड दर सोमवारी दाखवत होतो. म्हणून हात जोडून सांगतो, तुमच्यामुळे दुसऱ्यावर आळ येत असेल, तर जे घडले ते त्याच दिवशी सांगा. मला तोंड नाही. तुम्हाला आहे.